धर्मप्रांताची वाटणी

मिस्सेत सावेरनं बिशपांचं नाव घेतलं नाही, आणि त्यानंतर बारदेसकरांच्या घरात दुसरा विषयच निघाला नाही.

खरं तर सणाचा दिवस. पंधरा ऑगस्ट, मरियामातेच्या स्वर्गोन्नयनाचा. सकाळी शाळेत झेंडावंदन, मग चर्चमध्ये मिस्सेची प्रार्थना आणि दुपारी म्हाताऱ्या इनास बारदेसकरांच्या घरी सगळ्यांचं जेवण, ही रीत इनासची बायको होती तेव्हापासूनची. आजऱ्याहून त्यांची बहीण रोजाआत्ती घनसाळ तांदूळ आणि डबाभर सान्नां, सणाच्या वाफवलेल्या इडल्या, घेऊन आदल्या दिवशीच उतरली होती. पंचगंगेचं पाणी ओसरून फार दिवस झाले नव्हते. चर्चच्या हॉलमध्ये सुतारवाड्यातली पूरग्रस्त माणसं राहून गेली होती, तिथला ओल्या गोधड्यांचा वास अजून जात नव्हता. तरी मिस्सेला चर्च भरलं होतं, कारण वेदीवर आज घरचा माणूस होता. इनासचा धाकटा मुलगा, पुण्याच्या सेमिनरीत होऊ घातलेल्या फादरांना शिकवणारा फादर सावेर.

दर मिस्सेत एका ठरलेल्या जागी धर्मगुरू पोपचं नाव घेतो आणि पाठोपाठ आपल्या बिशपांचं. इतकी वर्षं तिथं पुण्याच्या बिशपांचं नाव यायचं. पण जुलैत रोमहून जाहीर झालं होतं की पुणे धर्मप्रांताची फोड होणार. रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूरचा भाग मिळून नवा धर्मप्रांत, त्याचे बिशप सावंतवाडीला बसणार. ते अजून गादीवर बसायचे होते. सावेर मिस्सेतल्या त्या जागी आला, थबकला, आणि ‘आमचे बिशप’ एवढंच म्हणून पुढं गेला.

दुसऱ्या रांगेत बसलेली त्याची थोरली बहीण रेजिना पुढची प्रार्थना म्हणायची विसरली.

“पुण्याला ऱ्हाणार त्यो,” घरी आल्या आल्या आंतोन म्हणाला. तो मधला भाऊ, कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत त्याचं मशीनशॉप. “नव्याकडं जायचं असतं तर नव्याचं नाव घेतलं असतं की.”

“नवे गादीवर बसल्याबिगर नाव कसं घेतील रे?” रोजाआत्ती सान्नांचा डबा उघडता उघडता म्हणाली. “पुण्याचं घेतलं न्हाय, ते बघ. पोर आपल्याकडं येतंय.”

रेजिनानं पदर खोचला. तिनं ताटं मांडली.

कोल्हापुरात काम करणारे फादर आपोआप नव्या धर्मप्रांताचे झाले होते. त्यांना कुणी विचारलं नव्हतं. सावेरची गोष्ट वेगळी होती. माणूस कोल्हापूरचा, काम पुण्यात. म्हणून त्याला विचारलं गेलं होतं, कुठं राहता? पुण्याकडं राहिला तर हिवाळ्याच्या आत रोमला जायचं, चर्चच्या कायद्यात डॉक्टरेट करायला. जागा मिळाली होती, राहायची सोय ठरली होती. नव्याकडं आला तर रोम राहिलं. इकडं डोंगर फार आणि फादर थोडे.

रेजिना शाळेत भूगोल शिकवायची. सातवीच्या वर्गात युरोपचा नकाशा लावला की आजकाल तिची पट्टी इटलीपाशी जरा जास्त रेंगाळायची. स्टाफरूममध्ये सगळ्यांना ठाऊक होतं की बारदेसकर बाईंचा भाऊ रोमला चाललाय. भाऊ म्हणायचं, पण वाढवला होता तिनं. आई गेली तेव्हा सावेर पाच वर्षांचा होता आणि रेजिना कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर व्हायची तयारी करत होती. ती परत आली ती कायमची. तिनं लग्न केलं नाही, कॉन्व्हेंटलाही पुन्हा गेली नाही.

सावेर चर्चमधून आला, झगा काढून साध्या शर्टात जेवायला बसला. तोंडात घास जायच्या आत आंतोननं विचारलं, “मग? काय ठरलं?”

“अजून नाही, दादा.”

“आरं, ठरवायचं काय त्यात? रोमला जाऊन डॉक्टर हून ये. आपल्या खानदानात घाट उतरून आजवर कोण कुठं गेलंय? बारदेशातनं चढून आजऱ्यात आलो, आजऱ्यातनं कोल्हापुरात. ह्या पलीकडं बारदेसकर गेलाच न्हाय. आन् तिकडं सावंतवाडीकडं काय हाय? आफिसला खुर्ची न्हाय अजून.”

“म्हणून तर माणूस पायजे,” रोजाआत्ती म्हणाली. “खुर्ची असती तर कोणीपण बसला असता.”

आंतोनची बायको वर्षाराणी रस्सा वाढत होती. ती पेठ वडगावच्या शेतकरी घरातली. लग्नाला वीस वर्षं होऊन गेली, तरी जोतिबाचे पायी खेटे तिनं सोडले नव्हते आणि रविवारची मिस्साही चुकवत नव्हती. तिनं वाढता वाढता विचारलं, “मला एक सांगा भावजी. तालुक्याची फोड झाली की सातबारा नव्या तहसिलात जातो. तसंच हे?”

“तसंच म्हणा, वहिनी.”

“मग मुंबईचे आर्चबिशप म्हंजे कलेक्टर का?”

सावेर हसला. “नाही हो. कलेक्टर हुकूम देतो. पुण्याचे बिशप, नाशिकचे, वसईचे, आता आपल्या इकडचे, हे सगळे आपापल्या घरचे कर्ते. मुंबईचे आर्चबिशप त्यांच्यातले थोरले भाऊ. सगळी घरं मिळून एक भावकी, तिला प्रांत म्हणायचं. थोरला भाऊ दुसऱ्याच्या चुलीत लाकूड सारत नाही. पण कुणाची चूल पेटली नाही तर ‘का रे’ म्हणून विचारायला यायचा हक्क त्याचा.”

“आणि आमचं मूळ घर गोवा,” रोजाआत्ती ताठ बसत म्हणाली. “आमचं आजरं बेळगावच्या बिशपांकडं, बेळगाव फुटलं गोव्याच्या आर्चबिशपांकडनं. तुमच्यापरीस जुनी भावकी आमची.”

“व्हय, व्हय. तुमचंच जुनं,” खिडकीपाशी खुर्चीत बसलेले इनास म्हणाले. सगळे त्यांच्याकडं वळले. मागल्या वर्षी अर्धांगाचा झटका येऊन गेल्यापासून त्यांचा डावा हात अधू झाला होता, पाय ओढत होता आणि बोलणं कमी झालं होतं. “माझ्या आज्याला आजऱ्यात बाप्तिस्म्याचं पाणी लावलं तवा आमी गोव्याचं. मग बेळगाव येगळं झालं. म्या कोल्हापुरात फौंड्रीत आलो तर म्हणं तू आता पुण्याचा. आता म्हणत्यात सावंतवाडीचा. मी गडी हितंच. वरची नावं बदलत गेली.” त्यांनी डावा पाय हातानं सरळ केला. “पर दर बदलाला मानूस जवळ आला बगा. गोव्याचे बिशप माझ्या आज्यानं जल्मात बगितलं न्हाईत. पुण्याचे बिशप म्या चारदा बगितलं. आता तर घाट उतरलं की बिशप.”

“मग बाबा, तुमीच सांगा की त्याला,” आंतोन म्हणाला.

रेजिनानं हातातला घास खाली ठेवला. बाबांनी फौंड्रीतली नोकरी सोडून सगळं आयुष्य धर्मशिक्षक म्हणून काढलं होतं. स्विस फादर हूबर यांच्या फटफटीच्या मागं बसून, आणि फटफटी जिथं संपायची तिथून पायी, राधानगरीकडच्या डोंगरातल्या वाड्यावस्त्यांवर. तिथली माणसं त्यांना मास्तर म्हणायची. असा माणूस काय सांगणार, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांनी एकदा तोंड उघडलं की रोम संपलं.

“म्या काय बोलनार न्हाय,” इनास म्हणाले. “म्या बोललो तर त्यो हुकूम हुईल. हुकूम द्यायला म्या कोन?”

आणि त्यांनी खिडकीकडं तोंड फिरवलं.

तेवढ्यात दारात माणूस उभा राहिला. गुडघ्यापर्यंत चिखल, डोक्यावर प्लॅस्टिकचं पोतं. राधानगरीच्या वरची हेळेवाडी, तिथला जोतीराम. दुधाच्या गाडीवर बसून आला होता.

“मास्तर,” तो उंबऱ्यातूनच म्हणाला, “आई जाती आता. फादरला आना म्हणती. चर्चमधी गेलतो, तर तितले फादर पुराच्या कामाला कोकणात उतरल्यात म्हनं.”

इनास खुर्चीचे हात धरून उठायला गेले. पाय उठला नाही. “बाळाबाई?” ते म्हणाले. “बाळाबाई का?”

सावेरनं ताटावरून उठून हात धुतलेही होते.

“जेवून तरी जा,” रेजिना म्हणाली.

“आल्यावर जेवतो, अक्का.”

“वाट खचलीया फादर,” जोतीराम म्हणाला. “निम्म्यापातूर गाडी. मग पायी.”

आंतोननं कपाळाला हात लावला, मग किल्ल्या उचलल्या. “चला. माझी सुमो हाय. ह्याला एसटीत बसवून पाठवू व्हय मी?” इनास रेजिनाकडं बघत होते. त्यांनी मानेनंच ‘जा’ म्हटलं. ती लहान असताना त्यांच्याबरोबर हेळेवाडीला जायची. रेजिनानं चपला बदलल्या आणि गाडीत जाऊन बसली.

राधानगरीचा रस्ता ठिकठिकाणी उखडला होता. उसाची शेतं आडवी झालेली, कडेच्या झाडांना पुरानं आणलेल्या चिंध्या लटकलेल्या. आंतोन खड्ड्याखड्ड्याला शिव्या घालत होता आणि मागं फादर बसलाय हे आठवलं की गप्प होत होता. सावेरच्या मांडीवर छोटी चामड्याची पेटी होती. रेजिनानं विचारलं, “आजाऱ्याला लावायचं तेल आहे का त्यात?”

“आहे. पवित्र आठवड्यात पुण्याच्या बिशपांनी आशीर्वाद दिलेलं. दरवर्षी एकाच दिवशी, एकाच वेदीवर आशीर्वाद होतो, आणि तिथून बाटल्या भरून प्रत्येक गावच्या चर्चला जातात. नव्या बिशपांचं तेल अजून व्हायचंय.”

“म्हणजे बाळाबाई पुण्याच्या तेलानं जाणार,” आंतोन म्हणाला.

“देव बाटलीवरचं गाव बघत नाही, दादा.”

पुढं दरड रस्त्यावर आली होती. गाडी तिथंच लावून चौघं चालायला लागले. पाऊस नव्हता, पण झाडं गळत होती. आंतोनच्या सणाच्या बुटांचं पहिल्याच ओढ्यात मातेरं झालं. रेजिनाला वाट ओळखू येत नव्हती. तिच्या आठवणीत ती सोपी होती, कारण तेव्हा दमलं की बाबा खांद्यावर घ्यायचे. आता पन्नाशी उलटलेल्या गुडघ्यांनी चढताना तिला पहिल्यांदा वाटलं, बाबा हे दर आठवड्याला चढत होते? पगार तो केवढा, आणि घरी परत येऊन कधी ‘दमलो’ म्हणाले नाहीत. तिनं सावेरकडं पाहिलं. तो जोतीरामच्या पाठोपाठ, पेटी छातीशी धरून चढत होता. पुण्याच्या सेमिनरीत तो गुळगुळीत फरशीवर चालायचा. पण पाय कुठं टाकायचा हे त्याला कुणी सांगावं लागत नव्हतं.

हेळेवाडीच्या तोंडाशी कपेल, वाडीचं छोटं प्रार्थनाघर, होतं. होतं म्हणायचं. मातीची पावसाकडची भिंत बसली होती आणि छप्पर तिच्यावर टेकलं होतं. आतला लाकडी क्रूस माणसांनी काढून बाळाबाईच्या घरात नेला होता. तिच्या अंथरुणाच्या वर, गोठ्याकडच्या भिंतीला तो उभा केला होता, आणि खाली ती होती, मूठभर उरलेली.

घर माणसांनी भरलं होतं. बाया, गडी, पोरं, सगळी वाडी. ती सगळी जपमाळ म्हणत होती, आणि रेजिना दारातच थांबली. तो आवाज बाबांचा होता. शब्दांच्या मध्ये बाबा जिथं श्वास घ्यायचे तिथंच ही माणसं श्वास घेत होती. बाबा ‘कृपापूर्ण’ हा शब्द जरा ओढायचे, तसाच ती ओढत होती. झटका आल्यापासून बाबा इथं आले नव्हते. तरी ते इथं होते, इतक्या तोंडांतून. तिनं सावेरकडं पाहिलं. तोही थांबला होता. त्याच्या चेहऱ्यावर काय होतं ते तिला वाचता आलं नाही, आणि लहानपणापासून ज्याचा चेहरा ती वाचत आली त्याचा चेहरा वाचता न येणं तिला नवीन होतं.

“मास्तरांचा सावेर आलाय,” जोतीराम आईच्या कानाशी म्हणाला.

बाळाबाईनं डोळे उघडले. “फादर म्हन,” ती पुटपुटली. “मुडद्या, फादर म्हन.”

पापनिवेदनासाठी सगळे बाहेर गेले. पुन्हा आत बोलावलं तेव्हा सावेरनं तिच्या कपाळाला आणि तळहातांना तेल लावलं होतं आणि तिच्या जिभेवर प्रभुभोजनाच्या भाकरीचा छोटासा तुकडा ठेवला होता. ती मोकळी दिसत होती. सावेर तिच्या उशाशी जमिनीवरच मांडी घालून बसला.

“फादर,” ती म्हणाली, “आमी म्हणं आता पुण्याचं न्हाय.”

“नाही आजी. आता आपला नवा धर्मप्रांत. बिशप सावंतवाडीला असतील.”

“त्यो बिशप हितवर येनार का?”

“येतील की.”

“पुण्याचं कंदी आलं न्हाईत. लांब पडायचं त्यास्नी. त्येंचा काय दोस न्हाय.” ती दम खात होती. “ह्यो ईल म्हनतोस. पर त्याला वाट कोन दावंल? मास्तर तर बसला घरात.”

रेजिना अंथरुणाजवळ सरकली. तिला वाटलं, म्हणावं, आजी झोपा आता. तिला वाटलं, सावेरनं म्हणावं, कुणीतरी दाखवेल. तो हुशार होता, असलं उत्तर त्याच्याकडं असणारच.

“मी दाखवीन,” सावेर म्हणाला.

“तू तर पुण्याला ऱ्हातोस.”

“आता नाही राहणार. मी इकडचा फादर आहे, आजी.”

बाळाबाईनं डोळे मिटले. “बरं झालं,” ती म्हणाली. लेकरानं बाजारातून मीठ आणलं म्हटल्यावर म्हणावं, तसं. थोड्याच वेळात ती गेली.

बाया रडायला लागल्या तशी रेजिना बाहेर आली आणि पडलेल्या कपेलच्या मागं, फणसाखाली जाऊन उभी राहिली. थोड्या वेळानं सावेर तिथं आला.

“शब्द दिलास तू,” ती म्हणाली.

“हो.”

“मरणाऱ्या माणसाला दिलास, म्हणजे आता मागं घेता येत नाही.”

“घ्यायचाही नाही, अक्का.”

“कुणाला विचारलंस?”

“कुणाला विचारायला हवं होतं?”

“मला!” ती ओरडली. वर्गातल्या कुठल्याही पोरावर ती इतक्या मोठ्यानं ओरडली नव्हती. “तुझ्या परीक्षांना मी जागले. तू लॅटिन पाठ करायचास तेव्हा एक अक्षर कळत नसताना पुस्तक धरून मी समोर बसायची. तुला रोम दिसलं असतं तर मला दिसलं असतं. आणि तू ते इथं, ह्या चिखलात, एका बाईच्या उशाशी सोडून दिलंस!”

सावेर ऐकत उभा राहिला. तिनं शिकवलं होतं तसाच, मोठं माणूस बोलताना मधे न बोलता. मग म्हणाला, “अक्का, एक विचारू? रागावणार नाहीस?”

“रागावलेलीच आहे. विचार.”

“लहानपणापासून सगळे मला सांगत आले, तुझ्यापायी रेजिना कॉन्व्हेंटमधून परत आली, तिचं आयुष्य गेलं. तू स्वतः कधी म्हणाली नाहीस. मलाही विचारायचा धीर झाला नाही. गेलं का गं?”

रेजिनानं तोंड उघडलं. ‘हो’ म्हटलं असतं तर ती जिंकली असती, हे तिला समजत होतं. पण समोर त्याचा तापातला चेहरा आला, पाच वर्षांचा, तिच्या पदराची गाठ मुठीत धरून झोपलेला. मग तिच्या शिकवलेल्या पोरी आल्या, आता आया झालेल्या, भाजी मंडईत ‘बाई’ म्हणून हाक मारणाऱ्या. बाबांसाठी भाकऱ्या बांधून दिलेल्या सगळ्या पहाटा आल्या. ज्या घरात ती नाइलाजानं परत आली होती, त्या घरात तिला परकं वाटल्याचा एक दिवसही आठवेना.

“न्हाय,” ती म्हणाली. शाळेतलं ‘नाही’ तोंडात आलंच नाही.

“मग माझं कसं जाईल?”

तिला रडू आलं. तो जवळ सरकला, पण त्यानं समजूत काढली नाही. ते बरं केलं त्यानं. रोम तिचं गेलंच होतं आणि त्यासाठी तिला रडून घ्यायचं होतं.

पलीकडं आंतोन बूट हातात घेऊन अनवाणी उभा होता. तो पडलेल्या भिंतीकडं बघत होता, कारखान्यात एखादा वाकडा जॉब आला की बघायचा तसा. “मातीची भिंत पुन्हा घालू नका,” तो जोतीरामला म्हणाला. “दरसाल बसंल ती. पाया दगडाचा घ्या, छपराच्या कैच्या लोखंडाच्या मी करून देतो. पर वर आणायच्या तुमी. माझी गाडी हितवर याची न्हाय.” मग दोघांकडं बघून त्यानं आवाज चढवला, “काय, झाली का भांडणं? फादर, तू गाडी चुकलास लेका. रोमच्या इमानाची गाडी चुकलास!” आणि तोंड फिरवून त्यानं डोळे पुसले.

दफन दुसऱ्या दिवशी ठरलं. सावेर वाडीतच राहिला. अंधार पडायच्या आत रेजिना आणि आंतोन गाडीपाशी पोचले.

बाबांना सांगायचं काम तिचं होतं. घरी आल्यावर ते झोपलेले दिसले, म्हणून तिनं सकाळी चहाबरोबर सांगितलं. बाळाबाई शांत गेली. कपेल पडलं. सावेर नव्या धर्मप्रांतात येतोय. सांगताना ती त्यांच्या चेहऱ्याकडं बघत होती. आता ते हसतील, क्रूसाची खूण करतील. रोजाआत्तीनं तर ऐकताच टाळी वाजवली आणि ‘देव बरें करूं’ म्हणून गुडघ्यावर बसली.

इनास हसले नाहीत. चहा तसाच राहिला.

“मला वाटलंतं, त्यो रोमला जाईल,” ते म्हणाले.

रेजिनाला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. “काय म्हणालात, बाबा?”

“फादर हूबर म्हनायचं, इनास, तुला एक डाव रोमला सेंट पीटरच्या चौकात नेऊन उबं करतो. मग तेच मेले. म्हटलं, पोरगं उबं ऱ्हाईल तर म्या ऱ्हायल्यागत.” त्यांनी कप बाजूला सारला. “लई मनात हुतं गं.”

“आणि आम्हाला सगळ्यांना वाटत होतं तुम्हाला तो इथं हवाय. मग बोललात का नाही? तुम्ही एक शब्द टाकला असता तर तो गेला असता!”

“म्हनूनच,” इनास म्हणाले.

रोजाआत्ती गुडघ्यावरून उठली आणि भावाच्या शेजारी येऊन बसली. तिनं त्यांचा अधू हात आपल्या मांडीवर घेतला. सणाच्या दिवशी ती जिंकायला निघाली होती. आता ती जिंकली होती आणि भावाबरोबर हरलीही होती, आणि दोन्हींत तिला लाज वाटत नव्हती. वर्षाराणी स्वयंपाकघराच्या दारात पदर तोंडाला लावून उभी होती.

“रोमपरीस त्यानं हेळेवाडी मोठी केली,” इनास म्हणाले. “माझ्यापरीस शाना निगाला. माती कवा हाय?”

“आज, दुपारी.”

“आंतोनला बोलीव. मला जायाचंय.”

“बाबा, अर्धी वाट चालायची आहे. चढ आहे, चिखल आहे.”

“तर उचलून न्या.”

आणि नेलं. दुधाच्या गाडीवरून निरोप आधीच गेला होता. दरडीपाशी हेळेवाडीची पोरं दोन बांबू आणि खुर्ची घेऊन उभी होती. जोतीरामनं पुढचा दांडा धरला, आंतोननं मागचा. एरवी घरात पाण्याचा तांब्या न उचलणारा आंतोन, वाडी येईपर्यंत त्यानं खांदा बदलू दिला नाही. वर्षाराणी बाजूनं चालत म्हाताऱ्याचा पाय सावरत होती. रोजाआत्ती चढू शकत नव्हती, ती गाडीत जपमाळ घेऊन बसली. आणि खुर्चीत बसून वर जाताना इनास वाटेतली झाडं, दगड, ओढे नावानं सांगत होते. एका वळणावर त्यांनी खुर्ची थांबवायला लावली आणि नुसतं बघत बसले. कुणी घाई केली नाही.

वाडीच्या वरच्या अंगाला खड्डा खणून तयार होता. सावेर झगा घालून उभा होता, झग्याची खालची कड चिखलानं भरलेली. बापाला खांद्यांवरून येताना बघून त्याच्या तोंडचा शब्द तुटला. इनासनी खुर्चीतूनच हात जोडले. ते मुलापुढं नव्हते जोडले, फादरपुढं होते. सावेरनं मान लववली आणि विधी पुढं चालू केला.

माती द्यायच्या आधी वाडीतली प्रार्थना असायची. फादर कुणी असो, ती सुरू करायची मास्तरांनी. इतकी वर्षं तसंच चाललं होतं. सगळी माणसं खुर्चीकडं बघत थांबली.

इनासनी नकारार्थी मान हलवली. त्यांनी चांगला हात उचलला आणि रेजिनाकडं दाखवला.

“मी?” रेजिना म्हणाली. “बाबा, मी कधी...”

“तू म्हन गं बाई,” बायांच्या घोळक्यातून कुणीतरी म्हणालं. “आमी म्हनतो की मागनं.”

तिनं भावाकडं पाहिलं. सावेर पुस्तक मिटून तिची वाट बघत होता.

रेजिनानं पदर डोक्यावर घेतला, खड्ड्याच्या कडेशी आली, आणि म्हणायला लागली. पहिल्या ओळीला ती एकटी होती. दुसऱ्या ओळीला सगळी हेळेवाडी तिच्या मागं होती.